भीतीची बारा पेरं

सोमवार, नऊ मार्च. सकाळचे अकरा वाजून दहा मिनिटे.

कोल्हापुरात, राजारामपुरीतल्या एका स्कॅन सेंटरच्या दुसऱ्या मजल्यावर मी आईशेजारी बसले आहे. आबा, म्हणजे माझे वडील, खाली फाइलच्या झेरॉक्स काढायला गेले आहेत. त्यांना एका जागी बसवत नाही. आईच्या डोक्यात, उजव्या कानाच्या जरा वर, एक डाग दिसला आहे. तो कसला आहे हे एमआरआय झाल्याशिवाय डॉक्टर सांगू शकत नाहीत, आणि ते कळल्याशिवाय ऑपरेशनचा निर्णय होऊ शकत नाही. गेल्या गुरुवारी ती या यंत्रात गेली होती. पंचवीस मिनिटे निश्चल पडून राहायचे होते. चौथ्या मिनिटाला तिला बाहेर काढावे लागले.

"काय झालं आई?" मी विचारले.

"काय न्हाय. आत गरम हुतं."

त्या खोलीचे तापमान वीस अंश ठेवलेले असते. तसे दारावरच लिहिले आहे.

आज बारा वाजून वीस मिनिटांनी तिला पुन्हा आत जायचे आहे. आजही जमले नाही, तर भूल देऊन तपासणी करावी लागेल, आणि तिच्या हृदयाची अवस्था पाहता नुसत्या तपासणीसाठी भूल देण्यास डॉक्टर तयार नाहीत. म्हणजे आज जमलेच पाहिजे.

माझे काम मोजमापाचे आहे. बेंगळुरूच्या एका प्रयोगशाळेत मी अतिसूक्ष्म दाब मोजणारे संवेदक तयार करते. मुंगीने पाय टेकला तरी त्याचा आकडा माझ्या पडद्यावर उमटतो. पण हातभर अंतरावर बसलेली ही बाई किती घाबरली आहे, याचा आकडा माझ्याकडे नाही. तो मला तिने कधीच दिलेला नाही.

खिडकीतून गल्लीतले एक दुमजली घर दिसते. त्याच्या बाजूने लोखंडी जिना वर जातो आणि जिन्याच्या टोकाला पत्र्याची खोली आहे. जिना आता निळा आहे. तेव्हा तो नुसता गंजाचा होता आणि त्याचा कठडा धरला की हाताला लोखंडाचा वास दिवसभर राहत असे. अकरावी-बारावीची दोन वर्षे मी त्या खोलीत काढली.

त्या खोलीत ऋतू वासांवरून कळत. जूनमध्ये तापलेला पत्रा भिजल्याचा वास. दिवाळी सरली की शहराबाहेरच्या गुऱ्हाळांवरून येणारा उकळत्या रसाचा दाट, गोड, जरासा जळका वास. तो आला की पहाटे स्वेटर लागायचा. आणि फेब्रुवारीत खालच्या झेरॉक्सच्या दुकानातला तापलेल्या कागदांचा. परीक्षा जवळ आली की तिथली यंत्रे दिवसभर घरघरत आणि तो कोरडा, गरम वास जिन्याने वर चढून माझ्या उशीपर्यंत येई. आजही झेरॉक्सचा वास आला की माझे तळहात ओले होतात. हे अलंकारिक विधान नाही. प्रयोगशाळेत मी ते एकदा मोजून पाहिले आहे.

आमचे गाव शाहूवाडीच्या डोंगरात. भातखाचरांच्या पायऱ्या, त्यांच्यावर जंगलाची पट्टी, आणि सगळ्यांत वर उघड्या कातळाचा सडा. गावात मोबाइलला रेंज नव्हती. सड्यावर एका फणसाखाली उभे राहिले, तर पडद्यावर कशीबशी एक काडी उभी राहायची. एका काडीवर आवाज जात नाही. 'हॅलो' म्हटले की पलीकडून तव्यावर पाणी पडल्यासारखी चरचर यायची, त्यातून एखादे अर्धे अक्षर, आणि मग काहीच नाही. पण रिंग जायची. शब्द पोचत नव्हते. कोणीतरी बोलू पाहते आहे एवढेच पोचत होते.

आबा गावच्या शाळेत शिपाई होते. घंटेच्या एका टोलाचा, दोन टोलांचा, लांबवलेल्या टोलाचा अर्थ साऱ्या गावाला पाठ होता. त्यामुळे मी कॉलेजसाठी खाली यायला निघाले तेव्हा रिंगांची भाषा करण्याची कल्पना त्यांनीच काढली. आम्ही दोघांनी शाळेच्या खडूने ओसरीवर तक्ता आखला. एक मिस्ड कॉल म्हणजे 'पोचले'. दोन म्हणजे 'सगळे ठीक'. तीन म्हणजे 'शनिवारी घरी येते'. पलीकडून एक आला की 'समजले'. वेळ संध्याकाळी सातची.

"आणि भीती वाटली तर?" मी विचारले होते.

"त्याला रिंग कशाला?" आबा खडू झटकत म्हणाले. "भ्यायचंच न्हाय. सपला विषय."

तक्ता आबांचा आणि माझा होता. आबांचा गुडघा दुखायचा, म्हणून रोज सड्यावर चढून जाण्याचे काम आईचे. धार काढून, चूल सारवून, फोन प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून ती सातच्या आत फणसाखाली जाऊन उभी राहायची. तक्ता करताना तिला कोणीच काही विचारले नव्हते.

मी आलेखाच्या वहीत रोजची नोंद करत असे. तारीख, वेळ, गेलेल्या रिंगा, आलेल्या रिंगा. घरमालकीण काकी, मोठ्या आवाजाच्या आणि मोठ्या मनाच्या, त्या वेळी नेमक्या गच्चीवरचे कपडे काढायला वर यायच्या.

"कुणाचा गं फोन?" पहिल्या आठवड्यात त्यांनी दारातच मला पकडले. "रोज सातला एक रिंग देतंय आन पळतंय. पोरगं हाय का कोण?"

"आई आहे, काकी."

"आई रिंग देऊन पळती?" त्यांनी चिमटे ओच्यात टाकले. "लई भारी आई हाय की तुझी! आमची कदी पळाली न्हाई. दिसभर डोकं खायाची नुसती."

क्लासमध्ये मात्र माझे शब्द पहिल्याच दिवशी कमी झाले. भौतिकशास्त्राचे सर पुण्याहून आलेले होते. उशीर झाला म्हणून मी दारातून म्हणाले, "सर, एसटी चुकली, म्हणून चालत आलतो." आमच्याकडे बायकाही 'मी आलो, मी जातो' असेच म्हणतात, त्यात कोणाला काही वावगे वाटत नाही. सरांनी खडू खाली ठेवला, माझ्याकडे आपादमस्तक पाहिले आणि म्हणाले, "आलतो? तू मुलगा आहेस का गं?" वर्ग हसला. त्यात दुष्टपणा नव्हता. कोल्हापूरच्या मुलीही हसल्या, ज्या घरी जाऊन आपल्या आईशी तसेच बोलणार होत्या. मी आत जाऊन बसले. त्यानंतर बोलण्यापूर्वी मी प्रत्येक वाक्य मनात तपासून घेऊ लागले, आणि तपासून होईपर्यंत बोलायची वेळ निघून जाऊ लागली. हे लिहिते आहे ती घासूनपुसून घेतलेली भाषा मी त्या वर्षापासून कमावली आहे. तिची किंमत काय पडली, हे मला पुष्कळ उशिरा समजले.

दर रविवारी काचेच्या दारावर गुणांची यादी लागायची, क्रमांकानुसार. मी आमच्या तालुक्यात पहिली आलेली मुलगी होते. यादीत माझे नाव शोधायला आधी वरून सुरुवात करायचे, मग मधून, आणि दिवाळीनंतर थेट खालून. बारावीच्या डिसेंबरात एका सोमवारी क्लासच्या पायऱ्यांवर माझे पाय थांबले. पायांना काही झाले नव्हते. छातीत मात्र काहीतरी फार वेगाने चालले होते आणि कानांत शिट्टीसारखा एकसुरी आवाज होता. घंटा झाली. सगळे आत गेले. मी वळले आणि समोर उभ्या असलेल्या सिटी बसमध्ये चढले.

पुढचे नऊ दिवस मी बसमध्ये काढले. सकाळी दप्तर घेऊन निघायचे, शेवटच्या थांब्यापर्यंत जायचे, त्याच बसने परत यायचे, आणि क्लास सुटण्याच्या वेळी सगळ्यांबरोबर गल्लीत शिरायचे. खिडकीच्या काचेची थरथर दातांत जाणवायची. कंडक्टर तिसऱ्या दिवसापासून काही विचारेनासा झाला. मला कशाची भीती वाटते आहे, हे मला सांगता आले नसते. नापास होण्याची नव्हती. नापास होण्याइतकी मी मागे नव्हते. आबांनी शाळेत सगळ्यांना सांगितले होते की पोरगी शास्त्रज्ञ होणार, ती गोष्ट होती. हसणारा वर्ग होता. आणि या दोन्हींच्या खाली आणखी काहीतरी होते, ज्याला ना घरच्या भाषेत शब्द होता ना सरांच्या.

रोज संध्याकाळी सातला मी दोन रिंगा देत होते. सगळे ठीक. पलीकडून एक यायची. समजले. नऊ दिवसांच्या नोंदी वहीत आहेत, एकसारख्या, स्वच्छ अक्षरात.

दहाव्या दिवशी सकाळी मी दप्तर घेऊन जिना उतरत होते, तर खाली आई उभी. पांढरी साडी नेसलेली. वैशाख पौर्णिमेला विहारात जाताना नेसायची ती, आणि तिच्या काठाला रस्त्याची लाल धूळ. ती एकटी कोल्हापूरला कधीच आली नव्हती. काकी तिच्याकडे निरखून पाहत होत्या.

"पावणं, कोण पायजे?"

"जयभीम. मी हिची आई."

"अगं बया!" काकींनी कपाळावर हात मारला. "तुमीच व्हय रिंग देऊन पळणाऱ्या! या, या, वर या. आज पळायचं न्हाय हां."

आईने हसून मान हलवली, पण तिचे डोळे माझ्या दप्तरावर होते. खोलीत आल्यावर तिने पायातल्या चपला दाराशी जुळवून ठेवल्या, खोली एकदा पाहून घेतली आणि विचारले, "काय झालंय?"

"कुठं काय? रोज दोन रिंगा देतो की."

"दोनच दितीस. ते बरोबर हाय."

"मग?"

"अगं, पयल्यांदा तू एक रिंग द्यायचीस, जरा दम खायाचीस, मग दुसरी. आता पयली सपतीया न सपतीया तवर दुसरी. मागं कुत्रं लागल्यावर माणूस दाराची कडी वाजवतंय न्हवं, तसं."

मी वही काढून पाहिली. त्यात वेळेचा रकाना होता, पण मी वेळ फक्त मिनिटांपर्यंत लिहीत होते. संदेश सेकंदांत होता. मी रोज जे लपवत होते, ते मीच दोन रिंगांच्या मधल्या जागेत ठेवून पाठवत होते. आणि कातळावर उभी राहून, तक्त्याबाहेरची ती बाई ते ऐकत होती.

मग मी रडले. किती वेळ, ते नोंदवलेले नाही.

आईने पिशवीतून घरचे तांदूळ काढले, काकींकडून पातेले आणले, तांदूळ धुऊन स्टोव्हवर ठेवले आणि त्यात मधले बोट उभे धरून पाणी ओतले. तांदळाच्या वर बोटाचे एक पेर बुडेल इतके. खोलीत त्या धुवणाचा, आमच्या घराचा वास पसरला.

"छातीत काय हुतंय?" पातेल्याकडेच पाहत तिने विचारले.

"काय होतंय ते सांगता येत नाही."

"नसंना का. किती हुतंय ते सांग."

"म्हणजे?"

"पेरं मोज. एका हाताची बारा." तिने ओला अंगठा करंगळीच्या तळाशी ठेवला आणि पेरापेरावरून वर नेत दाखवला. चार बोटे, प्रत्येकाची तीन पेरं. "एक म्हंजे जरा जरा. बारा म्हंजे लई. आता किती?"

मी हसायला हवे होते. पण माझा अंगठा आपोआप बोटांवरून फिरला आणि तर्जनीच्या मधल्या पेरावर थांबला.

"अकरा."

"अकरा लई झालं," ती म्हणाली, डाळीत मीठ जास्त झाले असे म्हणावे त्या स्वरात. "आज जाऊ नगंस. सहावर आलं की जा."

"आणि सहावर आलंच नाही तर?"

"येतंय. किती दीस अकरा राहील? त्येला बी दम लागतो की."

पुढे मी मोजमापाच्या शास्त्रात पदवी घेतली, पदव्युत्तर पदवी घेतली, परिषदांत निबंध वाचले. एखाद्या राशीचे स्वरूप ठाऊक नसतानाही तिचे परिमाण घेता येते, हे मी कोणाकडून प्रथम शिकले, ते कोणत्याही निबंधाच्या संदर्भसूचीत लिहिता आलेले नाही.

आई दोन दिवस राहिली. तिसऱ्या दिवशी सकाळी आकडा सहा झाला आणि मी क्लासच्या पायऱ्या चढले. सहा पेरं भीती घेऊन सुद्धा पायऱ्या चढता येतात, हे मला तोवर माहीत नव्हते.

त्या दिवसापासून आबांचा तक्ता रद्द झाला. नवी भाषा सोपी होती: जितकी पेरं, तितक्या रिंगा. आई सड्यावर मोजायची आणि एक परत द्यायची. ती काही उपाय करत नसे. फणसाखालून ती काय करणार होती? मी सहा कळवले, तिने सहा ऐकले, एवढाच व्यवहार. पण कळवल्यावर आकडा बहुधा एकाने उतरायचा. वहीत रोज कळवलेले आकडे आहेत. सात, पाच, पाच, आठ, सहा, चार. आठच्या दिवशी काकी दारात कंबरेवर हात ठेवून उभ्या होत्या. "अगं, आज काय भांडान झालंय का मायलेकीत? आठ डाव फोन लावलास आन तोडलास?" त्यांना मी पेरं समजावून सांगितली. दुसऱ्या दिवसापासून त्या मला जिन्याखालून ओरडून विचारू लागल्या, "आज किती गं?" आणि मी वरून ओरडून सांगू लागले. सगळ्या गल्लीला वाटायचे, दुधाचा हिशेब चालला आहे.

मार्चमध्ये भौतिकशास्त्राचा पेपर होता. सातची वेळ त्या दिवसापुरती आम्ही सकाळी ठेवली होती. मी उठले, हात पुढे धरला, अंगठा करंगळीच्या तळाशी नेला; आणि तो कुठेच टेकेना. छाती शांत होती. कानांत शिट्टी नव्हती. खाली झेरॉक्सच्या दुकानाचे शटर वर गेल्याचा आवाज आला आणि तो नुसता आवाज होता. शून्य. मोजायला लागल्यापासून पहिल्यांदाच शून्य. मी अतिशय अभिमानाने वहीत शून्य लिहिले, आणि शून्याप्रमाणे शून्य रिंगा दिल्या. मग फोन बंद करून पेटीत ठेवला आणि पेपरला गेले.

पेपर देऊन बाहेर आले तर केंद्राच्या फाटकाबाहेर आबा. शाळेच्या खाकी पोशाखात, घामाने काळे झालेले, आणि हातात किल्ल्यांचा जुडगा. दुधाच्या टेम्पोतून ते आले होते. त्या दिवशी शाळा उघडलीच नव्हती. पोरे आणि गुरुजी अंगणात बसून होते.

"हैस न्हवं?" ते म्हणाले. त्यांनी माझा खांदा चाचपून पाहिला, तांदळाचे पोते भरले आहे का पाहावे तसा.

"आहे की आबा. पेपर चांगला गेला. काय झालं?"

"रिंग दिली न्हाईस तू."

"शून्य होतं. भीतीच नव्हती, मग रिंग कशी देणार?"

आबा फुटपाथवर बसले. किल्ल्या खाली पडल्या. ते हसत होते की काय करत होते ते मला कळेना, कारण त्यांनी तोंडावर टोपी धरली होती. "अगं शून्याची सुद्धा द्यायची असती की गं," ते टोपीतून म्हणाले. "तुझी आय सकाळधरनं कातळावर हाय. खाली यायलाच तयार न्हाय."

गावाचा रस्ता चढून आम्ही सड्यावर पोचलो तेव्हा ऊन कलले होते. कातळ तापून पांढरा झाला होता आणि पहिल्या काजूफळांचा आंबूस वास होता. आई फणसाखाली उभी होती. बसलेली नव्हती. फोन तिने दोन्ही हातांनी, भरलेला तांब्या धरावा तसा धरला होता. मला पाहून तिने तो आधी पिशवीत नीट गुंडाळला.

"शून्य ठेवायचं नसतं," ती म्हणाली. तिचा आवाज बसला होता. "भातात पानी शून्य घातलं तर काय हुतंय? करपतंय. एक पेर ठेवायचंच."

मी चूक मान्य केली. ती खरोखर माझीच चूक होती: शून्य आणि शांतता यांत फरक न ठेवणारी भाषा कोणत्याही शहाण्या माणसाने वापरू नये. मग मी विचारले, "आई, तुझी किती होती? आज दिवसभरात?"

तिने पिशवी कमरेला खोचली. "माझी बोटं कामात हुती," ती म्हणाली आणि उतरू लागली.

ती भाषा कधी संपली, याची नोंद नाही. मी पुण्याला गेले, मग बेंगळुरूला. सड्यावर टॉवर उभा राहिला, फणसाजवळच. एका काडीच्या चार झाल्या. आता आई चुलीजवळ बसून मला पडद्यावर दिसते; तिच्या मागे भिंतीवरची पाल सुद्धा दिसते. हवे तितके शब्द जातात. जेवलीस का, पाऊस हाय का, कांदा किती झालाय. रोज वीस मिनिटे आम्ही बोलतो. सप्टेंबरापासून तिला चक्कर येत होती हे मला फेब्रुवारीत आबांकडून कळले. सहा महिने, रोज वीस मिनिटे, आणि मला काहीच ऐकू आले नव्हते. दोन वाक्यांच्या मधल्या जागा ऐकायची सवय तिची होती. माझी कधी झालीच नाही. गुरुवारपासून मी रोज हात पुढे धरून मोजते आहे. नऊ, नऊ, दहा, दहा. हे आकडे मी कोणालाच कळवलेले नाहीत.

बारा वाजून सहा मिनिटे. आतून निळ्या साडीतली मावशी येते.

"काकू, चला, तयारी करू. जोडवी काढा की! गुरवारी काढलीती न्हवं?"

"परत घातली."

"परत घातली? सोन्याची हायत काय!"

"बोटं उघडी वाटत्यात," आई म्हणते.

मावशी हसत साबणाचे पाणी आणायला जाते. मी फरशीवर बसून आईचा पाय मांडीवर घेते. टाचेच्या भेगांत अजून खाचराची माती आहे. पाय बर्फासारखा थंड आहे. मी वर न पाहता विचारते, "आई, खरं सांग. गुरुवारी काय झालं?"

"सांगितलं की. गरम हुतं."

"आत वीस अंश असतं."

"मग तुझ्या अंशाला इचार."

जोडवे हलत नाही. मग ती वरून, अगदी हळू, म्हणते, "त्यो फुगा असतो न्हवं आत, हातात दित्यात त्यो?"

आत जाणाऱ्याच्या मुठीत एक रबरी फुगा देतात. यंत्राच्या आवाजात बोललेले ऐकू येत नाही, म्हणून काही वाटले तर तो दाबायचा.

"हो. तो तू दाबलास."

"दाबला. मला सांगायचं हुतं, भ्यालोय म्हणून. भ्यालोय, पन थांबतो. एवढंच. तर त्यांनी एकदम वढूनच काढलं मला भाईर."

साबणाचे पाणी घेऊन मावशी आली आहे आणि उभीच आहे.

"मला यायचंच नव्हतं भाईर," आई म्हणते. "पन त्या फुग्यात एकच बोलता येतं. दुसरं कायच येत न्हाय."

मी तिच्या पायाशी बसून ते समजून घेते. तंत्रज्ञाच्या भाषेत फुगा दाबणे म्हणजे 'थांबवा'. आमच्या भाषेत भीती कळवणे म्हणजे 'थांबवा' कधीच नव्हते. ऐकणाऱ्याने काही करायचे नसे. ऐकायचे आणि एक परत द्यायची. आयुष्यात पहिल्यांदाच तिने स्वतःची भीती कोणाला तरी कळवली होती, आणि तो चौथ्या मिनिटाला रद्द झालेला प्रयोग म्हणून फाइलमध्ये लागला होता.

"आई, आत गेल्यावर फुगा दाबू नकोस," मी म्हणते. माझा आवाज मला परका वाटतो. "लईच झालं, बाहेरच यायचं असलं, तरच दाब. बाकीचं मला इथं सांग. आत्ता. मी लिहून घेतो."

'घेतो' असे मी म्हणाले आहे. किती वर्षांनी, ते मोजलेले नाही.

साबण लावल्यावर दोन्ही पायांची जोडवी सुटून येतात. आई दाराकडे पाहते. आतून यंत्राची ठोकठोक ऐकू येते आहे; आधीचा रुग्ण संपत आला असावा. मग ती वाकते, माझा साबणाने बुळबुळीत झालेला हात आपल्या हातात घेते. स्वतःची बोटे नव्हेत, माझी. तिचा अंगठा करंगळीच्या तळाशी टेकतो आणि चढू लागतो, एकेका पेरावर थांबत, दाबत. तीन. सहा. अनामिका संपते, मधले बोट सुरू होते. नऊ. तर्जनी. दहा, अकरा, बारा. आता अंगठा थांबेल, कारण पुढे काही नाही.

"दुसरा हात आन," ती म्हणते.

मी दुसरा हात पुढे करते. ती त्याच्या करंगळीवरून दोन पेरं वर जाते आणि थांबते. माझ्याकडे पाहते, मी ऐकले का, हे पाहते. मी तिच्या तळहातावर एकदा अंगठा दाबते. समजले.

"लिही," ती म्हणते. मग अनवाणी उठते, मावशीच्या मागोमाग आत जाते आणि दार लागते.

संमतीपत्राच्या मागच्या बाजूला मी लिहिते. बारा वाजून एकवीस मिनिटे. चौदा.